जुवाखालची फळी

जू अजून उतारावरच पडलंय. दगडावर आडवं, एक टोक पाण्याकडे. धरणाचं पाणी रोज थोडं मागं सरतंय, त्यामुळे ते टोक आता ओल्या गाळावर आलंय आणि त्याला मुंग्या लागल्यात. लागणारच. कितीतरी पोळ्यांचं पुरण मुरलंय त्याच्यात. मी खाली बसून नाक लावलं. तेल, हळद, गूळ, डांबर. आणि सगळ्यांच्या तळाशी बैलाच्या मानेचा वास. इतक्या वर्षांनी तो शिल्लक असणं शक्य नाही, हे मलाही कळतं. पण मला तो आला, आणि मी तो खोडणार नाही.

एरवी मी पत्रकं लिहिते. एका पानात अन्याय, मागणी आणि इशारा बसवायचा, खाली तारीख टाकायची आणि तळेगावच्या झेरॉक्सवाल्याकडून गठ्ठा उचलायचा. पत्रकात वासाला जागा नसते. कुणाच्या मावशीच्या खांद्यालाही नसते. म्हणून हे पत्रक नाही. हे एका होडीच्या मागच्या फळीबद्दल आहे, आणि त्या फळीवर लावायच्या मोटारीचा दांडा किती लांब असावा याबद्दल. हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या. आमच्या वाडीचा उतार राहणार की जाणार, हे यंदा पाच इंचांवर आलं होतं. ते पाच इंच या जुवाचे.

उतार म्हणजे आमची होडी लागते ती जागा. पाण्याच्या या अंगाला आमची वाडी, डोंगराच्या पोटाशी. त्या अंगाला शाळा, दवाखाना आणि कामशेतकडे जाणारी एसटी. रस्ता आहे, नाही असं नाही. अख्ख्या पाण्याला वळसा घालून जातो. ताप आलेलं पोर त्या वळशानं न्यायचं म्हणजे काय, हे ज्यानं नेलंय त्याला विचारा. आणि मधल्या पाण्याखाली आमचं जुनं गाव. धरण झालं तेव्हा घरं खाली राहिली आणि माणसं वर आली. का, कशी, कुणी काय कबूल केलं होतं, ते मी पुष्कळ पत्रकांत लिहिलंय. इथं नको.

इथं मला चंद्रामावशी हवी आहे. माझ्या आईची मोठी बहीण, पण साऱ्या वाडीची मावशी. होडी तिची. मागं बसून एकाच वल्ह्यानं ती होडी अशी न्यायची, की पाण्यावर रेघ उमटायची आणि बराच वेळ मिटायची नाही. शाळेत जाताना आम्ही पोरं दप्तरं मांडीवर घेऊन बसायचो. थंडीत पाण्यावर धुकं असायचं. पलीकडचा काठ नसायचा, अलीकडचाही नसायचा, फक्त वल्ह्याचा आवाज. चुबुक, आणि मग थेंबांची माळ. चुबुक, आणि पुन्हा माळ. त्या आवाजावर मी पाढे पाठ केले. आजही सतराचा पाढा म्हणताना मला ओलं वाटतं.

दिवाळीनंतर होडी काठावर उपडी घालायचे. फटींत कापूस ठासायचा, वरून गरम डांबर. डब्यात डांबर खदखदायला लागलं, की आम्ही त्याच्या भोवती. बोटांना लागलेलं डांबर गोडेतेलानं निघतं, पण वास राहतो. वर्गात गुरुजी नाक उडवून म्हणायचे, "आली का गं पलीकडची पलटण?" आम्ही म्हणायचो, "आली!" लाज वाटायची नाही. लाज वाटायला हवी होती, हे नंतर कॉलेजात कळलं, आणि मी तेव्हाही ऐकलं नाही.

मग पाणी उतरायला लागायचं. जसजशी जमीन उघडी पडेल तसतशी माणसं खाली सरकायची आणि त्या मऊ गाळात बी टोचायची. काकडी, चवळी, कलिंगड. या पेरणीला आमच्याकडे गाळपेर म्हणतात. स्वतःच्याच बुडालेल्या शेतात, चार महिन्यांपुरतं, पाण्याच्या मर्जीनं. वर माळावर त्याच सुमारास भाताच्या रोपांसाठी राब भाजत. शेण, पाला, माती यांचा तो कडवट धूर उतरणीवरून खाली यायचा, आणि खालून काकडीच्या वेलांचा थंड वास वर जायचा. दोन्ही आमच्या उतारावर भेटायचे. जगात असं दुसरं ठिकाण असेल, पण मी पाहिलेलं नाही.

आणि अगदी कडक उन्हात जुनं गाव वर यायचं. आधी पाराचे दगड, मग घरांच्या जोत्यांच्या रेघा. आम्ही भेगाळलेल्या चिखलावरून धावत जाऊन घरं वाटून घ्यायचो. मावशी कमरेवर हात ठेवून सांगायची, "ती नगं, ती सोपानभाऊंची. आपली खाली. नदीच्या अंगाला." आपली सगळ्यांत शेवटी वर यायची, कारण सगळ्यांत आधी बुडाली होती. मध्ये एक जाड भिंत होती. गावकूस. तिच्या आत गाव, बाहेर आम्ही. आमच्या आज्या-पणज्यांनी देव सोडले, बौद्ध झाले, तरी ती भिंत जागची हलली नव्हती. धरणानं सारं गाव गिळलं, मातीच्या भिंती विरघळल्या, वासे वाहून गेले. गावकूस मात्र दगडाचं, ते राहिलं. वर आल्यावर वाडीत मात्र सगळे एकाच रांगेत राहायला आले. जागाच तेवढी मिळाली.

आता जू. मावशीची शेवटची बैलजोडी गेली, त्या वर्षी पोळ्याला दावणीला कुणी नव्हतं. पुरणपोळ्या मात्र झाल्या होत्या. मी तेव्हा शाळेत जायला लागलेली, मावशीच्या मागं मागं फिरणारी. ताट हातात घेऊन ती गोठ्याच्या दारात उभी राहिली, आणि मग वळून थेट पाण्याकडे चालायला लागली. काठावर सोपानभाऊ बसले होते. गावातले जुने जमीनदार म्हणायचे ते त्यांचंच घर. जमीन पाण्यात गेली, ऐट राहिली.

"चंद्रे, पोळी कुटं घिऊन निगालीस? माशांला?"

"होडीला."

"ती काय बैल हाय?"

"वरीसभर आपल्याला वडतंय कोन, भाऊ? तुमी वडताय?"

भाऊ हसले, आणि उठून गोठ्यातलं जू घेऊन आले. मागच्या फळीच्या डोक्यावर आडवं ठेवून त्यांनीच ते खिळ्यांनी ठोकलं. मागं अशासाठी, की मावशी मागं बसायची आणि तिला पाठीला टेकू हवा होता. तेव्हापासून दर पोळ्याला होडी धुवायची, जुवाला तेल चोळायचं, हळद लावायची, फुगे आणि बेगड बांधायची, आणि पुरणपोळीचा पहिला घास तिथं ठेवायचा. वाडीत ट्रॅक्टर आले, बैल संपले, तरी आमचा पोळा संपला नाही. देव सोडलेली माझी मावशी हात जोडायची नाही. ती जुवावर थाप मारायची, बैलाच्या पाठीवर मारतात तशी. देव सोडले होते, बैल नव्हते सोडले.

हे सगळं कुणी हिरावून घेतलं नाही. ते आपोआप झिजलं, असं म्हणायची पद्धत आहे. मी ती पद्धत मानत नाही. आमच्या उताराच्या शेजारी एक रिसॉर्ट आलं. आधी तंबू, मग खोल्या, मग त्यांच्या काठाला खोल पाण्यात बोटींचा धक्का, ज्याला ते जेट्टी म्हणतात. त्यांचं तारेचं कुंपण दरवर्षी चार पावलं पुढं येतं आणि उतारावरच्या बाभळीपाशी थांबतं. थांबतं कारण बाभळीखालून माणसं रोज होडीवर जातात. चालती वाट आहे तोवर ती वाट आहे. होडी एक हंगाम बंद पडली, की बाभळ त्यांची आणि उतारही त्यांचा.

आणि यंदा मावशीचा खांदा गेला. वल्हं उचललं, की तिचा चेहरा पांढरा पडायचा. तिला काही विचारलं की म्हणायची, "खांदा हाय, आसं हुतंय." पण थेंबांची माळ तुटायला लागली होती. चुबुक, आणि मग काहीच नाही.

तेव्हा रिसॉर्टचा मॅनेजर आला. कुसगावचा मुलगा, माझ्याच वयाचा, इस्त्रीचा शर्ट. बरोबर दोन माणसं आणि त्यांच्या खांद्यावर एक मोटार.

"मावशी, ही आमच्या बोटीची जुनी मोटार. एकदम चालू कंडिशनमध्ये आहे. वाडीसाठी गिफ्ट समजा. फक्त होडीवर आमचं नाव लावू. छोटंसं."

"छोटंसं म्हंजी केवडं?" सोपानभाऊ म्हणाले. "होडीपरीस बारीक ना?"

सगळे हसले, मॅनेजरही हसला. खरं सांगते, आम्हाला मोह झाला. मलाही. मावशीचा खांदा रोज डोळ्यांसमोर असल्यावर कुणालाही होईल.

या मोटारींचं असं असतं. वर इंजिन, त्याला फळीवर पकडणारे दोन स्क्रू, खाली लांब दांडा, आणि दांड्याच्या टोकाला पंखा. पंख्याच्या जरा वर एक चपटी पाती असते. ती पाती होडीच्या तळाच्या रेषेत यायला हवी. दांडा आखूड पडला, तर पंखा वर येतो, पाण्याऐवजी हवा ढवळतो, इंजिन किंचाळतं आणि होडी जागची हलत नाही. लांब झाला, तर होडी जड होते, पाणी अंगावर उडतं आणि पंखा खाली जे असेल त्याला भिडतो. म्हणून आधी मागच्या फळीची उंची मोजायची. पंधरा इंची फळी, तर आखूड दांडा. वीस इंची फळी, तर लांब. एवढंच शास्त्र आहे.

मॅनेजरच्या माणसानं टेप तळाशी धरला. वरचं टोक सोपानभाऊंनी धरलं, जुवावर.

"वीस!" भाऊ ओरडले.

"परफेक्ट," मॅनेजर म्हणाला. "आपलं लाँगच आहे."

मी शेजारीच उभी होते. सगळी वाडी होती. एकाच्याही तोंडून निघालं नाही, की जू म्हणजे फळी नव्हे. कसं निघणार? आमच्यासाठी ते होडीचंच होतं. पागोट्यासकट माणसाची उंची मोजावी तशी आम्ही आमची होडी मोजली.

मोटार बसवायला गेले तर स्क्रू जुवावर बसेनात. जू गोल, त्यात वर्षानुवर्षांच्या तेलानं गुळगुळीत. मोटार कलंडायची. शेवटी भाऊंनी कटावणी घातली, खिळे करकरले, आणि जू सुटून आलं. त्याच्याखाली फळीची एक पट्टी निघाली, डांबर न लागलेली, ऊन न पाहिलेली, कालच रंधा मारल्यासारखी पांढरी. मावशीनं तिच्यावरून हात फिरवला. मोटार फळीवर घट्ट बसली. पाच इंच खाली. ते तेव्हा कुणी पाहिलं नाही. सगळे टाळ्या वाजवत होते.

पहिल्या फेरीला जाताना होडी नाक खुपसून चालली आणि मागून पाण्याचा फवारा आमच्या पाठीवर. "लय जोर हाय," भाऊ म्हणाले. तो जोर नव्हता. परत येताना होडीत आणखी माणसं बसली, आणि उतार समोर दिसत असताना खालून धाडकन आवाज आला. होडी थरथरली. इंजिन नुसतंच घुमत राहिलं. पंख्याची पिन तुटली होती. पाणी शांत झालं तेव्हा आम्ही वाकून पाहिलं. हिरव्या पाण्यात, हातभर खाली, काळे चौकोनी दगड एकाला एक लागून.

गावकूस.

पाण्याखाली इतकी वर्षं काढून ते पुन्हा आडवं आलं होतं. मी भाऊंकडे पाहिलं. भाऊ दुसरीकडे पाहत होते.

मावशीनं वल्हं उचललं, दुसऱ्या हातानं, आणि आम्हाला काठाला लावलं.

मॅनेजर धावत आला. "मी सांगतो ना, इथं पाणीच नाही. आमच्या जेट्टीवर या. तिथं डीप आहे, ही मोटार मस्त चालेल. काय प्रॉब्लेम आहे? गेटवर फक्त एंट्री करायची, नाव-गाव सांगायचं, बस."

तो वाईट माणूस नव्हता. त्याला खरंच प्रॉब्लेम दिसत नव्हता. हेच मला सगळ्यांत जास्त खुपतं.

मावशी होडीतून उतरली. साडीचा ओला काठ पिळला. "पोरा," ती म्हणाली, "हितं खाली माज्या आईचं घर हाय. तिच्या घरावरनं जायला मी कुनाच्या गेटात नाव सांगू?"

मॅनेजरनं मोटारीकडे पाहिलं.

"आन् मोटार घिऊन जा. पिनीचं काय आसंल ते आमी बगू."

त्यानंतर उतारावरच वाद झाला. तो लपवणार नाही. भाऊ म्हणाले, "चंद्रे, फुकाटची मोटार हाय. पाच इंचाची फळी वाडवू की वरनं. बोल्ट मारू. हाय काय आन् न्हाय काय."

खोटं कशाला बोलू, फळी वाढवता आली असती. जुन्या लाकडाला तो भार झेपला असता का, हा वेगळा प्रश्न. तळेगावच्या दुरुस्तीवाल्याला मी फोन केला. जुवाचं सगळं सांगितलं. तो म्हणाला, "ताई, फळीच्या वरच्या काठापासून तळापर्यंत मोजायचं. जुनी होडी असेल तर फळीला मोटार शोधा, मोटारीला फळी नको." मी टेप घेतला, ती पांढरी पट्टी मोजली. पंधरा.

"मग आखूड दांडा," मी म्हणाले.

"आली पत्रकबाई!" भाऊ म्हणाले. "अगं, पन हाय ती सोडून दुसरी हुडकायची?"

"व्हय," मावशी म्हणाली. "तुमी औत धरलंय ना, भाऊ? फाळ लय खाली ग्येला, का दगडाला लागतोय. मंग काय करता? रान उचलता?"

"रान कोन उचलतंय!"

"मंग?"

भाऊंनी टोपी काढून डोकं खाजवलं. "फाळ उचलतो," ते म्हणाले.

लांब दांडा म्हणजे त्यांचा धक्का, त्यांचं गेट, त्यांचं नाव. आखूड दांडा म्हणजे आमचा उतार. आम्ही आमची होडी त्यांच्या दांड्याला मापून वाढवणार नाही. दांडा आमच्या फळीला मापून आणू. हे वाक्य पत्रकात शोभलं असतं, मी ते तिथं उतारावर, चिखलात उभी राहून बोलले, आणि एक म्हातारी म्हणाली, "हळू बोल, ऐकू येतंय." गाळपेराची काकडी यंदा वाडीनं एकत्र करून लोणावळ्याच्या बाजारात नेली. त्या पैशांत आखूड दांड्याची जुनी मोटार मिळाली. तिचा रंग उडालेला आहे, आणि तिच्यावर कुणाचंही नाव नाही.

ती आज लावायची. म्हणून मी आलेय, आणि म्हणून या जुवाशी बसलेय. पांढरी पट्टी आता पांढरी राहिलेली नाही. उन्हानं पिवळट पडलीय. थोड्या दिवसांत बाकीच्या फळीसारखी होईल, आणि तिथं कधी जू होतं हे ज्यानं पाहिलं त्यालाच आठवेल. मला ते राग येण्यासारखं वाटतं. आठवण हा काही म्हाताऱ्यांचा विरंगुळा नव्हे. आठवण असते म्हणूनच माणूस म्हणू शकतो, की ही जागा आमची.

"उट गं," भाऊ मागून म्हणाले. त्यांच्या हातात हातोडा आहे. "जू दे हिकडं."

"कुठं ठोकता?"

"पुडं. मागं चुकलंच हुतं आपलं. जू कदी मागं आसतं का?"

त्यांनी ते होडीच्या तोंडाशी आडवं ठोकलं. मुंग्या झटकल्या. मावशी मागं जाऊन बसली. टेकायला आता काही नाही; ती ताठ बसली. मोटारीचा आडवा दांडका तिनं बऱ्या हातात धरला आणि मला एकदम दिसलं. पुढं जू, मागं नांगराचं रुमणं, आणि रुमण्यावर तिचा हात. ती होडी चालवत नव्हती. औत धरून होती.

इंजिन खोकलं, पेट्रोलचा निळा धूर निघाला, आणि त्या धुरात माळावरच्या राबाचा धूर येऊन मिसळला. होडी सरळ चालली. अंगावर फवारा नाही, किंचाळणं नाही. पाणी त्या दिवसापासून बोटभरच उतरलंय; अजून उतरेल तेव्हा मोटार वर उचलून इथवर वल्ह्यानंच यावं लागेल, हे आम्हाला माहीत आहे. तेव्हा वल्हं मी धरीन. कुंपण बाभळीपाशी उभं आहे. त्याच्या आतून मॅनेजर पाहत होता. मी हात हलवला. का हलवू नये?

पाण्याचा रंग काळा झाला.

"आली भित," मावशी म्हणाली.

पुढं जुवापाशी बसलेले सोपानभाऊ पाण्यात वाकून पाहत होते. "माज्या आज्यानं बांदलीय ही," ते हळूच म्हणाले. "उगडी पडली, का दगडं काडतो. उताराला पायऱ्या करू."

"करा," मावशी म्हणाली. "आदी वरनं तर जाऊ द्या."

तिनं वेग कमी केला नाही. मी होडीचा काठ घट्ट धरला आणि आवाजाची वाट पाहिली. खाली दगड एकामागून एक सरकत गेले, काळे, चौकोनी, शेवाळलेले. मग ते संपले, आणि त्यांच्या पलीकडे, जिथं आमची घरं होती तिथं, पाणी पुन्हा हिरवं झालं.

खालून काहीही लागलं नाही.